कॅमेरा आणि कोर्ट : आनंद पटवर्धनांची माहितीपटांतली पन्नास वर्षं

१९९५ साली पूर्ण झालेला एक माहितीपट दूरदर्शनवर दाखवा, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने दिला तो २००६ च्या ऑगस्टमध्ये. मधली अकरा वर्षं अर्ज, समित्या, नकार आणि अपिलं यांत गेली. 'पितृ, पुत्र और धर्मयुद्ध' हे त्या माहितीपटाचं नाव. गंमत अशी की त्याला सेन्सॉरचं प्रमाणपत्र होतं आणि वर दोन राष्ट्रीय पुरस्कारही होते. प्रमाणपत्र देणारं मंडळ सरकारी, पुरस्कार देणारं सरकार, आणि दाखवायला नकार देणारी वाहिनीही सरकारीच.

दिग्दर्शक आनंद पटवर्धन. जन्म १९५० चा, मुंबईचा. १९७५ पासून ते राजकीय माहितीपट बनवत आले आहेत. त्यांचं नाव ऐकलेले बरेच जण आहेत, पण त्यातल्या अनेकांनी नावाभोवतीचा वाद ऐकलेला असतो, माहितीपट पाहिलेला नसतो. ते पटोत न पटोत, हा पेशा नक्की चालतो कसा हे समजून घ्यायला त्यांच्याइतकं सोयीचं उदाहरण दुसरं नाही. कारण त्यांच्या कामाची नोंद समीक्षेपेक्षा कोर्टाच्या निकालांत जास्त नीट झालेली आहे.

राजकीय माहितीपट तयार होतो तेव्हा त्याचं निम्मंच काम झालेलं असतं. उरलेलं निम्मं म्हणजे तो लोकांसमोर नेणं. हे दुसरं निम्मं पहिल्यापेक्षा जास्त वेळ खातं, आणि पटवर्धनांच्या बाबतीत तर कायद्यावर ठसा उमटला तो याच भागातून.

सरकारी डॉक्युमेंटरीच्या काळात

ज्यांनी सत्तर-ऐंशीच्या दशकात थिएटरात सिनेमे पाहिले त्यांना आठवत असेल. मुख्य सिनेमाआधी फिल्म्स डिव्हिजनची फीत लागायची. धरण, कालवा, कुटुंबनियोजन, पंतप्रधानांचा दौरा. फिल्म्स डिव्हिजन १९४८ साली स्थापन झाली आणि थिएटरच्या परवान्यातच अशा फिती दाखवण्याची अट असायची. प्रेक्षक तेवढ्या वेळात बाहेर चहा-सिगारेट उरकून घेत. या संस्थेत प्रयोग करणारे, चाकोरी मोडणारे दिग्दर्शकही होते, हे खरं. पण सर्वसामान्य माणसाच्या मनात माहितीपट म्हणजे सरकारने सरकारबद्दल सांगितलेली गोष्ट, असंच बसलं होतं.

सरकारच्या बाहेर राहून, सरकारवरच माहितीपट बनवायचा तर पैसा कोण देणार, कॅमेरा कुठून आणणार आणि दाखवणार कुठे, हे तिन्ही प्रश्न तेव्हा उघडे होते. तिसरा अजूनही आहे.

पाटण्याहून मॉन्ट्रियलला

पटवर्धन घराणं राजकारणात मुरलेलं. अहमदनगरचे रावसाहेब आणि अच्युत पटवर्धन हे त्यांचे काका. अच्युतराव १९३४ साली काँग्रेस समाजवादी पक्ष उभा करणाऱ्यांत जयप्रकाश नारायणांसोबत होते, आणि १९४२ च्या भूमिगत चळवळीत त्यांचं नाव गाजलं. आनंद मात्र शिकले इंग्रजी साहित्य मुंबईत आणि समाजशास्त्र अमेरिकेत, ब्रँडाइस विद्यापीठात. व्हिएतनाम युद्धाविरुद्धच्या विद्यार्थी आंदोलनांचा तो काळ. तिथे त्यांनी सीझर चावेझ यांच्या शेतमजूर संघटनेत स्वयंसेवक म्हणून काम केलं. परत आल्यावर मध्य प्रदेशात 'किशोर भारती' या ग्रामीण शिक्षण प्रकल्पात गेले. कॅमेरा आयुष्यात आला तो यानंतर, तोही चळवळीच्या निमित्ताने.

१९७४ साली बिहारमध्ये जयप्रकाशांचं आंदोलन पेटलं होतं. पटवर्धन पाटण्याला पोचले. पोलिसांची दडपशाही नोंदवून ठेवावी एवढाच सुरुवातीचा हेतू. हाताशी आला तो उसना सुपर-८ कॅमेरा. त्या काळी घरगुती सहली नि वाढदिवस टिपायला लोक हा कॅमेरा वापरत. त्यावर चित्रित केलेलं पडद्यावर प्रक्षेपित करायचं आणि ते १६ मिलिमीटरच्या कॅमेऱ्याने पुन्हा टिपायचं, अशा खटपटीतून 'क्रांती की तरंगें' हा पहिला माहितीपट तयार झाला. प्रतिमा खरखरीत, आवाज दुय्यम. सफाईदार चित्रण करायला साधनं नव्हती, आणि नसती सफाई त्या विषयाला शोभलीही नसती.

तो तयार होतो न होतो तोच २५ जून १९७५ ला आणीबाणी आली. जे आंदोलन पडद्यावर होतं त्याचे नेते तुरुंगात गेले. माहितीपट जवळ बाळगणंसुद्धा धोक्याचं झालं. मग त्याचे तुकडे करून ते वेगवेगळ्या मार्गांनी देशाबाहेर पाठवण्यात आले. पटवर्धन स्वतः मॉन्ट्रियलच्या मॅकगिल विद्यापीठात शिकायला गेले आणि तिकडे तुकडे पुन्हा जोडून भारतातल्या आणीबाणीविरुद्ध त्याचे खेळ सुरू केले. वाटप म्हणजे व्यवस्थापनाचा नव्हे तर राजकारणाचा भाग आहे, हा धडा पहिल्याच कामात मिळाला.

आणीबाणी उठल्यावर राजकीय कैद्यांवरचा 'ज़मीर के बंदी' १९७८ ला आला. यातलं एक महत्त्वाचं: तुरुंगवास फक्त आणीबाणीत झाला असं हा माहितीपट म्हणत नाही. आधीही होता, नंतरही आहे, असं सांगतो. म्हणजे ज्या जनता सरकारच्या विजयात त्यांच्या पहिल्या माहितीपटाचा जीव अडकला होता, त्या सरकारलाही सूट नाही. पुढे सर्व पक्षांची सरकारं त्यांच्यावर सारखीच नाराज का राहिली, हे इथेच कळतं.

'आमचे फोटो काढून तुम्हाला काय मिळणार?'

१९८५ चा 'हमारा शहर' मुंबईच्या झोपडपट्ट्या पाडण्यावर आहे. १९८१ मध्ये फुटपाथवर राहणाऱ्यांना शहराबाहेर काढण्याची मोहीम निघाली, त्यावरचा ओल्गा टेलिस खटला सर्वोच्च न्यायालयात गेला. १९८५ च्या निकालात उपजीविकेचा हक्क हा जगण्याच्या हक्काचा भाग ठरला, पण नोटीस देऊन झोपड्या हटवायला मुभाही राहिली. माहितीपट त्याच वर्षांमधला आहे. एकीकडे पाडकाम, दुसरीकडे शहर स्वच्छ हवं म्हणणारी सुखवस्तू माणसं. टिप्पणी जवळजवळ नाही, दोन्ही बाजू स्वतःच बोलतात.

त्यातली एक जागा मला अख्ख्या कामाची किल्ली वाटते. घर उद्ध्वस्त झालेली बाई कॅमेऱ्याकडे वळून दिग्दर्शकालाच झापते. गरिबांचे फोटो काढून तुम्ही नाव कमावणार, आमचं काय होणार, असा तिचा रोख. हे दृश्य संकलनात काढून टाकणं सोपं होतं. ते ठेवलं गेलं. या प्रश्नाला नीट उत्तर नाहीच. पटवर्धनांनी दिलेलं अर्धंमुर्धं उत्तर म्हणजे चित्रीकरण संपल्यावरही त्या माणसांपासून दूर न जाणं. झोपडपट्टीवासीयांच्या लढ्यात ते पुढेही राहिले, आणि त्याच माहितीपटात गाणारा एक शाहीर त्यांच्या आयुष्यात पुन्हा परत आला. त्याच्याविषयी पुढे.

'हमारा शहर'ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. दूरदर्शनने तरी तो दाखवला नाही. कोर्टात जावं लागलं.

दूरदर्शनशीच भांडण का?

आज मोबाइलवर सगळं दिसतं, त्यामुळे एका वाहिनीसाठी एवढा आटापिटा कशाला असं वाटू शकतं. पण १९९० च्या दशकाच्या सुरुवातीला खासगी उपग्रह वाहिन्या येईपर्यंत देशात दूरचित्रवाणी म्हणजे दूरदर्शनच. आणि त्यानंतरही खेड्यापाड्यात कितीतरी वर्षं तेच. ज्या लोकांवर माहितीपट आहे त्यांच्यापर्यंत एका रात्रीत पोचायचा तो एकमेव रस्ता होता.

इथे दोन वेगळ्या गोष्टींची सरमिसळ होते, म्हणून थोडं सावकाश.

पहिली गोष्ट सेन्सॉर. १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्यानुसार चित्रपट सार्वजनिकरीत्या दाखवायचा तर प्रमाणपत्र लागतं. मग तो तीन तासांचा हिंदी सिनेमा असो की वीस मिनिटांचा माहितीपट. वर्तमानपत्राला छापण्याआधी कुणाची परवानगी लागत नाही, चित्रपटाला लागते. हा भेदभाव आहे असं म्हणून ख्वाजा अहमद अब्बास त्यांच्या मुंबईसह चार महानगरांवरच्या एका छोट्या माहितीपटासाठी सर्वोच्च न्यायालयात गेले होते. १९७० च्या निकालात कोर्टाने पूर्व-परीक्षणाला मान्यता दिली: हलत्या चित्राचा प्रभाव मोठा, म्हणून आधी तपासणं गैर नाही. तो निकाल आजही कायम आहे.

पण तपासायचं कशावरून? संविधानाच्या कलम १९(२) मध्ये अभिव्यक्तीवर बंधन घालण्याची कारणं मोजून दिलेली आहेत. देशाची सुरक्षा, सार्वजनिक सुव्यवस्था, सभ्यता, न्यायालयाचा अवमान, बदनामी, गुन्ह्याला चिथावणी वगैरे. सरकारवर टीका, मंत्र्याची फजिती, बहुसंख्याकांची नाराजी ही कारणं त्या यादीत नाहीत. पटवर्धनांचे बहुतेक खटले या एका मुद्द्यावर उभे राहिले: जे कारण यादीत नाही ते तुम्ही मागच्या दाराने आणता आहात.

दुसरी गोष्ट प्रसारण. प्रमाणपत्र मिळालं म्हणजे दाखवायला परवानगी मिळाली, दाखवायची सक्ती कुणावर झाली नाही. एखादं खासगी थिएटर 'आम्हाला नको' म्हणू शकतं. मग दूरदर्शन का नाही? कारण ते जनतेच्या पैशावर चालतं आणि राज्यसंस्थेचं अंग आहे. त्याला मनमानी करता येत नाही, नकाराला तर्कशुद्ध कारण द्यावं लागतं. त्यात भर म्हणजे राष्ट्रीय पुरस्कार मिळालेले चित्रपट दाखवायचे हे दूरदर्शनचंच धोरण होतं. पटवर्धनांची बाजू अशी की तुमच्याच नियमाने आम्ही पात्र आहोत, फक्त आमचं म्हणणं तुम्हाला आवडत नाही. शिवाय हा एकट्या दिग्दर्शकाच्या बोलण्याच्या हक्काचा प्रश्न नाही, प्रेक्षकांच्या जाणून घेण्याच्या हक्काचाही आहे. पी. ए. सेबॅस्टियन यांच्यासारखे मानवी हक्कांचे वकील या लढ्यांत त्यांच्यासोबत होते.

'पितृ, पुत्र और धर्मयुद्ध'च्या पहिल्या भागाला 'यू' तर दुसऱ्याला 'ए' प्रमाणपत्र होतं. धार्मिक हिंसा आणि पुरुषीपणाच्या कल्पना यांचा संबंध हा त्याचा विषय. सती, दंगली, आणि रस्त्यावर मर्दानगीची औषधं विकणारे, हे सगळं एका सूत्रात. दूरदर्शनचं म्हणणं, यातल्या दृश्यांनी लोक भडकतील. सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, चित्रपट पूर्ण पाहायचा, सुटं दृश्य उचलायचं नाही, आणि पाहायचा तो सर्वसाधारण समजूतदार माणसाच्या नजरेने. उठसूट बिथरणाऱ्याच्या नजरेने नव्हे.

या कसोटीचं मूळ नागपुरात आहे, हे फारसं सांगितलं जात नाही. १९४७ च्या आसपास नागपूर उच्च न्यायालयात न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी एका प्रकरणात लिहिलं होतं की शब्दांचा परिणाम मापायचा तो खंबीर, विवेकी माणसाच्या मापाने, प्रत्येक विरोधी मतात धोका हुंगणाऱ्याच्या मापाने नाही. पुढे फाळणीवरच्या दूरदर्शन मालिकेच्या खटल्यात १९८८ साली सर्वोच्च न्यायालयाने हे वाक्य उचलून धरलं आणि तिथून ते भारतीय सेन्सॉरशिपच्या कायद्याचा कणा झालं. पटवर्धनांचे निकाल त्याच रांगेत बसतात. कायद्याच्या विद्यार्थ्यांना ते माहितीपटकार म्हणून नव्हे, खटल्याचं शीर्षक म्हणून आधी भेटतात.

ज्या माहितीपटानंतर मशीद पडली

'राम के नाम' १९९२ चा. लांबी ७५ मिनिटं. १९९० च्या सप्टेंबरमध्ये सोमनाथहून निघालेली रथयात्रा, ३० ऑक्टोबरची अयोध्येतली कारसेवा, आणि मागे जात १९४९ च्या डिसेंबरमधल्या त्या रात्रीपर्यंत, जेव्हा बाबरी मशिदीत मूर्ती ठेवल्या गेल्या. माहितीपट पूर्ण झाला तेव्हा मशीद उभी होती. ६ डिसेंबर १९९२ ला ती पडली. त्यामुळे आज तो पाहताना प्रेक्षकाला जे माहीत असतं ते पडद्यावरच्या माणसांना माहीत नसतं.

पटवर्धनांची प्रश्न विचारायची पद्धत इथे सगळ्यात स्वच्छ दिसते. ते वाद घालत नाहीत. अगदी साधा, काहीसा भाबडा प्रश्न टाकतात आणि गप्प बसतात. राम कधी जन्मले, असं तरुण कारसेवकांना विचारतात. उत्तर येत नाही, मुलं एकमेकांकडे बघतात. काही समीक्षकांना यात वरचढपणा दिसतो: शिकलेला माणूस कमी शिकलेल्याला पेचात पकडतो आहे. हा आक्षेप मला पूर्ण फेटाळता येत नाही. पण त्याच माहितीपटात सर्वांत शहाणं बोलतो तो अयोध्येचाच एक पुजारी. लालदास हे राम जन्मभूमी मंदिराचे कोर्टाने नेमलेले मुख्य पुजारी. ते अवधी वळणाच्या हिंदीत शांतपणे सांगतात की हा सगळा खेळ सत्तेसाठी आणि पैशासाठी आहे. श्रद्धेच्या विरोधात श्रद्धावानच उभा राहतो, आणि बाहेरून आलेल्या शहरी माणसाला फारसं बोलावं लागत नाही. १९९३ मध्ये लालदास यांचा खून झाला.

'राम के नाम'ला 'यू' प्रमाणपत्र आहे, म्हणजे लहान मुलांनीही पाहावा असा. शोधपत्रकारितेसाठीचा राष्ट्रीय पुरस्कारही आहे. दूरदर्शनवर तो कोर्टाच्या आदेशानंतर १९९७ मध्ये दिसला. कागदोपत्री त्याला कसलीच अडचण नाही. तरी २०१९ मध्ये हैदराबाद विद्यापीठात विद्यार्थ्यांनी लावलेला खेळ पोलिसांनी थांबवला, आणि २०२४ च्या जानेवारीत त्याच शहरात एका कॅफेत तो दाखवणाऱ्यांना अटक झाली. प्रमाणपत्र आणि प्रत्यक्ष खेळ यांत किती अंतर असतं ते यावरून कळावं.

एकवीस कट

१९९८ च्या मे महिन्यात पोखरणला अणुचाचण्या झाल्या, पाठोपाठ पाकिस्ताननेही केल्या. दोन्हीकडे मिठाई वाटली गेली. त्यावरचा 'जंग और अमन' २००२ चा. चार वर्षं भारत, पाकिस्तान, जपान आणि अमेरिका अशा चार देशांत चित्रित झालेला. त्यातला पाकिस्तानी शाळेतला प्रसंग विसरता येत नाही. मुली वक्तृत्वात बाँबच्या बाजूने तडफेने बोलतात, टाळ्या घेतात. नंतर गप्पांमध्ये कबूल करतात की बोललो ते टाळ्या मिळाव्यात म्हणून, मनापासून तसं वाटत नाही. सीमेच्या अलीकडच्या शाळेतही हेच झालं असतं.

सेन्सॉरची उतरंड तेव्हा अशी होती: आधी परीक्षण समिती, तिचं पटलं नाही तर पुनर्विलोकन समिती, मग अपील न्यायाधिकरण, मग उच्च न्यायालय. पटवर्धन पायरी चढत गेले आणि दुसऱ्या पायरीवर मागण्या कमी होण्याऐवजी वाढल्या. आकडा २१ कटांपर्यंत गेला. त्यात राजकीय नेत्यांची दृश्यं आणि बोलणं काढून टाकण्याचीही मागणी होती. अणुबाँबच्या राजकारणावरच्या माहितीपटातून राजकारणी वगळले तर उरतं काय? २००३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तो एकही कट न करता दाखवायला परवानगी दिली.

इथे एक हिशेब कुणी मांडत नाही. व्यावसायिक निर्माता कट मान्य करतो, कारण प्रदर्शनाची तारीख ठरलेली असते, व्याज चढत असतं. माहितीपटकाराला अशी तारीख नसते. त्यामुळे तो वर्षभर थांबू शकतो, भांडू शकतो. गरिबीचा हा एकमेव फायदा असावा.

चौदा वर्षं

'हमारा शहर'मध्ये गाणारा शाहीर म्हणजे विलास घोगरे. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. लोक रस्त्यावर आले, राज्य राखीव पोलिसांनी गोळीबार केला, दहा माणसं मेली. चार दिवसांनी विलास घोगरेंनी आत्महत्या केली. डाव्या चळवळीत आयुष्य घालवलेल्या, तिच्यातूनच दुरावल्या गेलेल्या या दलित शाहिराने जाताना डोक्याला निळं फडकं बांधलं होतं.

पटवर्धनांनी चित्रीकरण सुरू केलं आणि ते संपलं चौदा वर्षांनी. 'जय भीम कॉम्रेड' २०११ चा, तीन तासांहून मोठा. एवढा वेळ का? एक कारण न्यायालयीन: गोळीबाराचा खटला वर्षानुवर्षं रेंगाळला, दोषी ठरवणारा निकाल यायला २००९ उजाडलं. दुसरं कारण तांत्रिक. १६ मिलिमीटरच्या फिल्मचं चारशे फुटांचं रीळ जेमतेम अकरा मिनिटं चालतं. विकत घ्या, धुवून घ्या, प्रिंट काढा, प्रत्येक मिनिटाला पैसे. व्हिडिओ आल्यावर टेप स्वस्त झाली आणि कॅमेरा एका माणसाला पेलेल एवढा झाला. वस्तीत पुन्हा पुन्हा जाणं, एकाच कुटुंबाला दहा वर्षांनी भेटणं यामुळे शक्य झालं. राजकीय माहितीपटाचं स्वरूप बदलण्यात विचारांइतकाच वाटा टेपच्या किमतीचा आहे, असं मला वाटतं.

पण या माहितीपटाचं बळ गाण्यांत आहे. जलशांपासून भीमगीतांपर्यंतची परंपरा, शाहीर संभाजी भगत, आणि शेवटी कबीर कला मंच या सांस्कृतिक पथकाची शीतल साठे. मराठी माणसाला त्यासाठी उपशीर्षकं लागत नाहीत, आणि हा माहितीपट मराठी कानांनाच पूर्ण उलगडतो. २०११ मध्ये मंचाच्या काही कलाकारांना अटक झाली, शीतल साठे आणि सचिन माळी भूमिगत झाले आणि २०१३ च्या एप्रिलमध्ये विधानभवनासमोर येऊन हजर झाले. त्यांच्या बचावासाठी जी समिती उभी राहिली तिच्यात पटवर्धन होते. तटस्थ पत्रकार असं करत नाही, हे बरोबर. पण त्यांनी तटस्थ असल्याचा दावा कधी केलाच नाही. माझ्या मते प्रेक्षकाने विचारायचा प्रश्न 'बाजू आहे का' हा नसून 'दाखवलेलं खरं आहे का, आणि समोरच्याला बोलू दिलं का' हा आहे. त्यांच्या बहुतेक कामात समोरचा भरपूर बोलतो. कधी कधी स्वतःच्याच नुकसानापर्यंत.

या माहितीपटाचे सुरुवातीचे खेळ मुंबईतल्या चाळी-वस्त्यांत झाले. उघड्यावर पडदा, खुर्च्या, आणि ज्यांच्यावर माहितीपट आहे तेच प्रेक्षक.

पोट कशावर चालतं?

थिएटर नाही, वाहिनी नाही. मग? या पेशात बहुतेकांना तीन-चार धागे एकत्र वळावे लागतात: परदेशी वाहिन्यांना आणि विद्यापीठांना विक्री, महोत्सवांचे पुरस्कार, खेळांनंतर विकलेल्या कॅसेट नि पुढे डीव्हीडी, व्याख्यानं. पटवर्धनांनी खर्च कमी ठेवून हे जमवलं. दिग्दर्शक, निर्माता, संकलक तेच, बऱ्याचदा कॅमेराही त्यांचाच. सरकारचा किंवा बड्या संस्थेचा पैसा नसला की कुणी 'हे काढा' म्हणू शकत नाही. अर्थात कुटुंबाचा आधार आणि इंग्रजी शिक्षण पाठीशी असलेल्या माणसाला हे जितकं जमतं तितकं ते वस्तीतल्या मुलाला जमत नाही. राजकीय माहितीपटांत दलित-आदिवासी दिग्दर्शक उशिरा दिसू लागले, त्याचं एक कारण हे अर्थशास्त्र आहे.

दाखवण्याच्या जागाही भांडूनच मिळवाव्या लागल्या. मुंबईत १९९० पासून सरकारचा आंतरराष्ट्रीय माहितीपट महोत्सव भरतो. २००४ च्या महोत्सवासाठी भारतीय चित्रपटांना सेन्सॉर प्रमाणपत्राची अट घालण्यात आली, परदेशी चित्रपटांना नाही. देशभरचे माहितीपटकार एकवटले, अट मागे घ्यावी लागली. मग निवड झाली तेव्हा टोकदार राजकीय माहितीपट बाहेरच राहिले. त्यावर याच मंडळींनी जवळच्याच सभागृहात 'विकल्प' नावाने स्वतःचा महोत्सव भरवला. पुढे मुंबईतले 'विकल्प'चे नियमित खेळ यातूनच उभे राहिले. आणि सरकारी महोत्सवाने दहा वर्षांनी, २०१४ मध्ये, पटवर्धनांना व्ही. शांताराम जीवनगौरव पुरस्कार दिला. २०१५ मध्ये पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधल्या विद्यार्थ्यांच्या संपाच्या वेळी त्यांनी आपला राष्ट्रीय पुरस्कार परत केला. या माणसाचं आणि सरकारचं नातं असंच देण्या-घेण्याचं आहे.

आत्ताची स्थिती

'विवेक' २०१८ चा, जवळजवळ चार तासांचा. दाभोलकर, पानसरे, कलबुर्गी, गौरी लंकेश यांच्या हत्यांपासून सुरू होऊन तो पसरत जातो. माझ्या मते तो जरा जास्तच पसरतो. 'राम के नाम'चा आटोपशीरपणा त्यात नाही. पण पानसरेंच्या कोल्हापुरातला आणि दाभोलकरांच्या कार्यकर्त्यांबरोबरचा भाग महाराष्ट्राने पाहायलाच हवा असा आहे. ॲमस्टरडॅमच्या महोत्सवात त्याला सर्वोत्कृष्ट पूर्ण लांबीच्या माहितीपटाचा पुरस्कार मिळाला. केरळच्या माहितीपट महोत्सवात २०१९ ला दाखवायचा तर केंद्रीय मंत्रालयाची सेन्सॉरमधून सूट लागते, ती मिळेना. उच्च न्यायालयाने परवानगी दिल्यावर खेळ झाला. दरम्यान पटवर्धनांनी तो भागाभागांत यूट्यूबवर टाकला होता, तिथे सेन्सॉर प्रमाणपत्र लागत नाही.

२०२३ चा 'वसुधैव कुटुंबकम्' घरचा आहे: वडील, कुंभारकाम करणारी, शांतिनिकेतनात शिकलेली आई निर्मला, आणि काकांची स्वातंत्र्यलढ्यातली पिढी. म्हाताऱ्या आईवडिलांचं सहज म्हणून केलेलं चित्रीकरण वर्षानुवर्षं कपाटात होतं. आवाज चढवायची गरज न पडलेला त्यांचा हा पहिला माहितीपट असावा.

आज नव्याने सुरुवात करणाऱ्यासमोर चित्र मिश्र आहे. कॅमेरा खिशात आहे, वाटपाला इंटरनेट आहे. ओटीटी कंपन्यांना प्रमाणपत्र लागत नाही, पण केंद्र सरकारच्या २०२१ च्या डिजिटल माध्यमांवरच्या नियमावलीनंतर आणि पोलीस तक्रारींच्या भीतीने त्या राजकीय माहितीपट विकत घ्यायला कचरतात. त्यामुळे नकार येतो तो लेखी नसतो, आणि जो लेखी नाही त्याला कोर्टात आव्हान देता येत नाही. दूरदर्शन निदान कागद द्यायचं. दुसरं, सेन्सॉरच्या उतरंडीतलं अपील न्यायाधिकरण एप्रिल २०२१ मध्ये बरखास्त झालं. ती पायरी स्वस्त होती, तिथे चित्रपटांचा अनुभव असलेली माणसं बसायची. आता मंडळाचा कट मान्य नसेल तर सरळ उच्च न्यायालय, म्हणजे वकिलाची फी आणि तारखा. २०२३ च्या दुरुस्तीने प्रमाणपत्राची मुदत कायमची झाली, 'यूए'मध्ये वयोगट आले, न्यायाधिकरण मात्र परत आलं नाही.